चार इंची भिंत

ड्रिल एकाएकी हलकं झालं. इतका वेळ दातओठ खाऊन भिंतीवर रेललेला कुंडलिक पुढं झुकला, भिंतीवर कपाळ आपटता आपटता वाचला, आणि खोलीभर भरलेली घरघर एकदम पातळ झाली. त्यानं ड्रिल बंद केलं, पातं मागं ओढलं, भोकावर फुंकर मारली आणि एक डोळा मिटून आत बघितलं. "साहेब," तो म्हणाला, "पलीकडं उजेड दिसतोय की."

बसूचा उजवा हात आपोआप पँटच्या खिशावर गेला. पलीकडं म्हणजे ईरप्पाचं घर. ईरप्पा म्हणजे बसूचा सख्खा थोरला भाऊ, आणि त्या भावाशी बसू अकरा वर्षांत एक शब्द बोललेला नव्हता. सोलापूरच्या शेळगीतलं हे घर त्यांच्या वडिलांनी, अप्पांनी, बांधलेलं. अप्पा गेल्यावर दोघांनी मधोमध भिंत घातली आणि एका घराची दोन केली. लोक कडाकडा भांडून वाटण्या करतात. ह्या दोघांनी भांडणाचा चकार शब्द न काढता केली, आणि तेच जास्त वाईट झालं. भांडणात माणूस निदान काय डाचतंय ते एकदा ओरडून मोकळा होतो. बसू मोकळा झाला नव्हता, आणि ज्या कारणानं झाला नव्हता ते कारण ह्या क्षणी त्याच्या उजव्या खिशात होतं, मांडीला लागत होतं. सकाळी ते थंड होतं. आता अकरा वाजत आले होते, चैत्राचं ऊन खिडकीच्या गजांपर्यंत आलं होतं आणि ते अंगाइतकंच कोमट झालं होतं, तरी ते तिथं आहे हे त्याला दर पावलाला कळत होतं.

"तुमी नऊ इंची म्हणला हुता," कुंडलिक म्हणाला. तो टेंभुर्णीचा, चाळिशीचा माणूस. तिजोऱ्या पोचवून बसवून द्यायचं काम जिल्हाभर करायचा. सकाळी आल्या आल्या त्यानं बोटांच्या पेरांनी भिंत वाजवली होती आणि विचारलं होतं, "ही नऊची हाय का चारची?" बसूनं डोळ्याची पापणी न हलवता "नऊची" म्हणून सांगितलं होतं. "चारची असती तर मी हात बी लावला नसता बघा," कुंडलिक सांगत होता. "ह्यो फास्टनर बघा. नट आवळला की आतल्या आत फुलतोय. नवाच्या भिंतीत फुलला की मग भित पडंल, पर तिजोरी न्हाय हलायची. आन् चारच्या भितीत फुलला की तिजोरीआधी भितच हातात येती."

खोटं बोलायचं बसूला तसं काही कारण नव्हतं. समोर एक परका माणूस, त्याचा साधा प्रश्न, आणि उत्तर त्याच्या धंद्याच्या कामाचं. पण अकरा वर्षं तो हेच सांगत आला होता, बायकोला, पाहुण्यांना, घराला रंग द्यायला आलेल्या माणसाला. वाटणीच्या वेळी ईरप्पानं एकच अट घातली होती: भिंत नऊ इंची पाहिजे, इकडचं तिकडं काही ऐकू यायला नको. बसू "बरं" म्हणाला होता. मग बिरप्पा गवंड्यानं विटा आणून टाकल्या, आणि नेमका त्याच वेळी ईरप्पा अक्कलकोटला सासऱ्यांच्या आजारपणाला गेला, चार दिवसांसाठी. त्या चार दिवसांत बसूनं बिरप्पाला सांगितलं, चारचीच घाल. का, असं बिरप्पानं विचारलं. बसू म्हणाला, पाच इंच जागा वाचते. बिरप्पानं त्याच्याकडं जरा बघितलं आणि विटा लांबीत वळवल्या. पाच इंच जागेचं बसूला काय लोणचं घालायचं होतं? त्याला ईरप्पाचं खोकणं ऐकू यायला हवं होतं. एवढ्या मोठ्या बाप्यानं हे कुणाला सांगायचं, म्हणून पाच इंच. ईरप्पा परत आला तेव्हा गिलावा झाला होता, आणि गिलावा केलेली भिंत दोन्ही बाजूंनी सारखीच दिसते. पण पहिल्याच संध्याकाळी त्याला कळलं असणार, कारण इकडं कुकरची शिट्टी झाली की तिकडं आपलाच कुकर वाजल्यागत ऐकू यायचं. ईरप्पा काही बोलला नाही. अकरा वर्षं बसू त्याचं घसा खाकरणं, पाट सरकवणं, आंघोळीनंतरचं "शिवशिव" ऐकत आला होता, आणि बाहेर सगळ्यांना भिंत नऊ इंची म्हणून सांगत आला होता.

भोकातून आवाज आला. "यारदु?"

कोण आहे ते, एवढंच विचारणं, कन्नडातलं. कुंडलिकनं बसूकडं बघितलं. बसूच्या जिभेवर आलेला शब्द इतका जुना होता की तो बाहेर पडेपर्यंत तो आपल्याकडं शिल्लक आहे हेही त्याला माहीत नव्हतं. दोघं भाऊ लहानपणापासून एकमेकांशी कन्नडच बोलायचे. मराठी शाळेतली, बाजारातली, कारखान्यातली. बसूची बायको वैजयंती बार्शीची, तिच्या माहेरी कन्नडाचं नाव नाही. जेवण, पाणी, ये, जा, एवढे शब्द तिला कळायचे, जरा भरभर बोललं की ती हात झटकून स्वयंपाकघरात निघून जायची. त्यामुळं भिंत उभी राहिली त्या दिवशी बसूच्या तोंडातलं कन्नडही बंद पडलं. ते बोलायला पलीकडचं एकच माणूस होतं.

"नानु," बसू म्हणाला. मी.

पलीकडं पाट सरकला, गुडघ्यावर हात टेकून उठतानाचं कण्हणं आलं, आणि दाराची कडी वाजली. ईरप्पा येत होता. त्याला त्याच्या दारातून रस्त्यावर उतरायचं होतं, कुंपणाला वळसा घालायचा होता आणि बसूच्या तीन पायऱ्या चढायच्या होत्या. त्याचा डावा गुडघा धरलेला होता. सगळं मिळून दोन-तीन मिनिटं. बसू पलंगाच्या कडेला टेकला, पुन्हा उठला, पुन्हा टेकला. स्वयंपाकघरात वैजयंती हळदी-कुंकवाचं ताट लावत होती. तिजोरी जागेवर बसली की आधी पूजा, पहिली वस्तू देवाची, मग बाकीचं, असं तिनं सकाळीच जाहीर केलं होतं. खोलीच्या मध्यभागी ती राखाडी, नव्वद किलोची पेटी पुठ्ठ्यावर उभी होती. एवढी तिजोरी घेण्याजोगं घरात काय होतं म्हणाल तर नाकापेक्षा मोती जड. मुलीचं, अंकिताचं, दोन महिन्यांवर लग्न, दागिने घरात यायचे, त्यात मागच्या गल्लीत भरदुपारी एक घर फुटलेलं. वैजयंतीनं हट्ट धरला, बसू हो म्हणाला. ती समजली, नवऱ्याला पोरीच्या दागिन्यांची काळजी. बसूला काळजी होती ती दुसऱ्याच डबीची. दुकानात त्यानं तिजोरीचं जाडजूड दार लावून बघितलं आणि त्याला वाटलं, सुटलो, आता डबीला एक कायमची जागा झाली. आणि घरी येताना रिक्षात वैजयंती म्हणाली, "नंबर दोघांनाबी म्हाईत पायजे बरं का. उद्या तुमाला काय झालं तर मी काय डोकं आपटू त्या दारावर?" तिजोरी चोरापासून लपवायला असते, बायकोपासून नाही, हे त्याच्या तेव्हा ध्यानात आलं.

ती डबी म्हणजे अप्पांची करडगी. गळ्यातलं इष्टलिंग ठेवायची चांदीची डबी, पेरूएवढी, वर झाकण, दोन्ही अंगांना दोऱ्यासाठी कड्या. अप्पांनी ती पन्नास वर्षं छातीवर वागवली होती. मागच्या बाजूची नक्षी घासून घासून बोटाला गुळगुळीत लागायची. माणूस गेला की लिंग त्याच्याबरोबर जातं, डबी घरात राहते, आणि ती थोरल्याकडं जाते. अप्पांना बसतं करून मातीत उतरवलं, स्वामींनी करडगी उघडून लिंग काढलं, अप्पांच्या डाव्या तळहातावर ठेवलं, वर भस्म आणि बेलपत्रं घातली, आणि रिकामी करडगी मागं न बघता कुणाच्या तरी हातात दिली. तो हात बसूचा होता. त्याचे दोन्ही हात मातीनं भरलेले, लोक पुढं रेटत होते, सगळे आपापली मूठ माती टाकायला बघत होते, त्यानं करडगी खिशात घातली. ह्यात काही वाईट नव्हतं. संध्याकाळी द्यायची होती. संध्याकाळी घर माणसांनी भरलेलं होतं आणि ईरप्पा पाहुण्यांत बसलेला होता, म्हणून उद्या. दुसऱ्या दिवशी बसूनं ती एकदा एकटा असताना उघडून बघितली. आत अप्पांचा वास होता, भस्माचा आणि घामाचा. अप्पांचं सगळं थोरल्याशी चालायचं, सल्ला, हिशोब, राग, लोभ. धाकट्याला बाजारातून काय आणायचं तेवढं सांगायचे. त्याला वाटलं, एक दिवस राहू दे आपल्याकडं. एकच दिवस. तिसऱ्या दिवशी सगळे सोयरे बसलेले असताना आत्यानं विचारलं, "करडगी कुटं हाय अप्पाची?" आणि तेव्हा द्यायची वेळ निघून गेलेली होती. तेव्हा काढली असती तर ती सगळ्यांदेखत त्याच्या खिशातून निघाली असती.

बसूनं कारखान्यात तेहतीस वर्षं एकच काम केलं होतं. चादरीचं डिझाइन जकार्ड मागावर चढतं ते पुठ्ठ्याच्या पत्त्यांवरून, आणि त्या पत्त्यांना भोकं पाडायचं काम बसूचं. समोर चौकटीच्या कागदावर मोर काढलेला असायचा, एकेक चौकट बघायची आणि भोक पाडायचं. भोक असेल तिथं दोरा उचलला जातो, नसेल तिथं खाली राहतो. कधी चुकीच्या जागी भोक पडलं तर त्याला एक उपाय होता, मागून कागदाचा तुकडा चिकटवायचा. पण ते लगेच करायला हवं. एकदा पत्ता मागावर चढला की ती चूक त्या एका चादरीत राहत नाही, मोर जितक्या वेळा येईल तितक्या वेळा येते. हे सगळं त्याला तिसऱ्या दिवशी, पाहुण्यांत मान खाली घालून बसलेला असताना, अगदी नीट माहीत होतं. तरी तो बसून राहिला. कुणीतरी म्हणालं, ती बाई असायची की अप्पांपाशी.

ती बाई म्हणजे गोजरबाई. अप्पांचं अर्धं अंग गेलं त्या दीड वर्षात तिनं त्यांचं सगळं केलं. आंघोळ घालायची, भरवायची, बोलणं अडखळायचं ते तीच तेवढी समजून घ्यायची. ईरप्पा म्हणाला, "असंल." एवढा एकच शब्द. दुसऱ्या दिवशी सकाळी ती नेहमीच्या वेळी आली, अप्पा नसताना आली, भांडी तरी घासते म्हणाली, तेव्हा ईरप्पानं तिला उंबऱ्याच्या बाहेरच थांबवलं आणि उद्यापासून येऊ नको म्हणून सांगितलं. का, ते तिला आत्याच्या तोंडून कळलं. तिनं आरडाओरडा केला नाही. तिथंच पायरीवर बसली, कमरेची चंची काढली आणि उलटी केली. सुपारीचे तुकडे, तंबाखू, चुन्याची डबी, एक किल्ली. "घ्या की झडती," ती म्हणाली. "मी रोज त्यास्नी न्हाऊ घालत हुते. घ्याचंच असतं तर तवाच घेतलं नसतं व्हय? मेल्यावर कशापायी घीन?" तिनं सुपारीचे तुकडे एकेक करून वेचले. बसू दारात उभा होता, हात खिशात होता, आणि त्या हाताखाली करडगी होती. वैजयंती त्याच्या मागून म्हणाली होती, "ती तसली बाई न्हाय हो." बसू म्हणाला होता, "तू ह्यात पडू नको." त्यानंतर करडगी गहू ठेवायच्या डब्यात राहिली, जुन्या बुटात राहिली, माळ्यावर पत्त्यांच्या खोक्यात तर सात वर्षं राहिली. आज सकाळी वैजयंती माळा आवरायला घेताना खालून ओरडून म्हणाली, "ही पुठ्ठी रद्दीत टाकू का?" आणि बसू तोंडात ब्रश तसाच धरून शिडीवर चढला होता, करडगी खिशात घालूनच उतरला होता. तिनं डोक्याला हात लावला. पत्त्यांवर एवढा जीव, ती म्हणाली, बायकोवर असता तर.

ईरप्पा दारात उभा होता. बसूनं त्याला रस्त्यात, लग्नाकार्यात, लांबून बघितलं होतं. असा चार हातांवर, आपल्या चौकटीत, बघितला नव्हता. तो म्हातारा झाला होता, हे पहिल्यांदा जाणवलं. कपाळावर भस्माचे तीन पट्टे, अंगात बनियन, खांद्यावर आणि भुवयांवर सिमेंटची धूळ. आणि गळ्यात चांदीची डबी नव्हती. लिंग पांढऱ्या कापडात गुंडाळून, गाठ मारून, दोऱ्यात ओवलेलं होतं. अकरा वर्षं थोरला भाऊ कापडात लिंग बांधून फिरत होता. सोलापुरात चांदीच्या डब्या मिळत नव्हत्या थोड्याच.

"पूजेला बसलो होतो," तो बसूकडं न बघता कुंडलिकला मराठीत म्हणाला. "लिंग हातावर होतं. वरनं माती पडली."

"चुकलं अण्णा," कुंडलिकनं कानाला हात लावला. "भित नऊची सांगितली हुती."

ईरप्पानं त्या भोकाकडं बघितलं, मग तिजोरीकडं. "चार इंची भिंतीला एवढं धूड टांगत होता?" तो म्हणाला. चार इंची, हे त्यानं अशा आवाजात म्हटलं की जणू ते घरातल्या सगळ्यांना पहिल्यापासून ठाऊक होतं. बसूच्या कानशिलाला घाम आला. चोराच्या मनात चांदणं म्हणतात, इथं तर भरदिवसाचं ऊन होतं.

कुंडलिकनं भिंतीचा नाद सोडला. पेन्सिलीनं फरशीवर तिजोरीच्या तळाची आखणी केली, एक शहाबादी उचकटून खालचा कोबा ठोकून बघितला, आणि पसंत पडल्यासारखी मान हलवली. तळाला चार भोकं असतात, चार फास्टनर खालीच मारतो म्हणाला, भिंतीपेक्षा बरं. फक्त एक अडचण होती. "माझा जोडीदार आज लग्नाला गेलाय. पेटी उचलून बरूबर भोकावर बसवाय दोगं तरी लागत्यात. मी खालनं बघणार." त्यानं दोन्ही भावांकडं आळीपाळीनं बघितलं. ईरप्पा जायला वळला नव्हता. तो पलंगाच्या कडेला बसून ड्रिल फरशीत जाताना बघत होता, गुडघा चोळत होता. बसूला वाटत होतं, हा गेला तर बरं, आणि त्याच वेळी असंही वाटत होतं की हा गेला तर पुन्हा यायचा नाही. बसू दोन वेळा पाणी प्यायला उठला आणि दोन्ही वेळा पाणी न पिताच परत आला.

"धरा," कुंडलिक म्हणाला. एका बाजूनं बसू, एका बाजूनं ईरप्पा. दोघांनी तिजोरी तिरकी केली, वजन हातांवर घेतलं, आणि बसूची मांडी लोखंडाला घासली. टण्ण असा आवाज झाला, लहानसा, स्वच्छ. तिजोरीच्या वरून ईरप्पाचं तोंड त्याच्यापासून वीतभर अंतरावर होतं.

"खिशातली काढून ठेव," ईरप्पा कन्नडात म्हणाला. "चेपेल."

आवाज अगदी साधा होता, दूध उतू जाईल असं सांगावं तसा. बसूला आधी अर्थच लागला नाही, मग एकदम सगळाच लागला. हात सुटले असते, पण नव्वद किलो खाली कुंडलिकच्या बोटांवर आले असते. "तुला ठाऊक होतं?" त्यानं विचारलं, कन्नडातच.

"स्वामींनी तुझ्या हातात दिली. मी खड्ड्याच्या समोरच्या काठावर उभा होतो."

"मग बोलला का नाहीस अण्णा?"

"काय बोलू? आत्या बसलेली, सगळे सोयरे बसलेले. त्यांच्यासमोर धाकट्याच्या खिशात हात घालू?" ईरप्पानं तिजोरीची पकड बदलली. "वाटलं, देशील. एक दिवस बघितलं, महिना बघितला. मग तुझ्याकडं बघवेना झालं. म्हणून म्हटलं भिंत घालू. तीही तू चार इंचीच घातलीस."

"साहेब, बोलनं मागनं!" कुंडलिक खालून कावला. "उजवीकडं या जरा. अजून जरा. हां, सोडा."

तिजोरी खाली बसली. कुंडलिकनं तिच्यात अर्धं अंग घातलं आणि आतून नट आवळायला सुरुवात केली. पान्याची कर्रकर्र आणि त्याचं धापा टाकणं एवढंच खोलीत होतं. बसूनं खिशातून करडगी काढली. अकरा वर्षं ज्या माणसाला ती द्यायची राहिली होती त्याच्यासमोर त्यानं हात पुढं केला, आणि हा हात किती सोपा पुढं आला ह्याचंच त्याला रडू आलं. ईरप्पानं ती घेतली नाही. त्यानं फक्त अंगठा तिच्या पाठीवरून, त्या झिजलेल्या जागेवरून, फिरवला. "आता घेऊन काय सांगू?" तो म्हणाला. "कुठं सापडली म्हणून सांगू? जिथं लपवली होतीस तिथंच राहू दे."

बसूनं करडगी खिडकीच्या कट्ट्यावर ठेवली. आणि त्याच वेळी वैजयंती ताट घेऊन आत आली. हळद-कुंकू, तांदूळ, सुपारी, एक उदबत्ती. ईरप्पाला बघून ती आधी गडबडली, डोक्यावर पदर घेतला, "भावजी, तुमी?" म्हणाली, आणि मग तिची नजर कट्ट्यावर गेली. ताट तिनं पलंगावर टेकवलं. "अगंबाई," ती म्हणाली. "ही अप्पांची न्हवं?"

"व्हय," ईरप्पा मराठीत म्हणाला, बसूच्या आधी, फार पटकन. "मीच आणली. ट्रंकेत होती, जुन्या धोतरात गुंडाळलेली. इतकी वर्षं मलाच गावली न्हाय."

बसूनं त्याच्याकडं बघितलं. ईरप्पानं त्याच्याकडं बघितलं नाही. अकरा वर्षांपूर्वी "असंल" म्हणताना त्याचा चेहरा असाच झाला होता, हे आता बसूला आठवलं. तेव्हा त्याला तो दुःखाचा वाटला होता. पाठीशी घालायला भाऊ मिळावा तर असा. बसूचा जीव एकदम भांड्यात पडला, सगळं निभावलं, कुणाला काही कळलं नाही, भाऊ परत मिळाला, डबी परत मिळाली. वैजयंती दोन्ही हातांत करडगी घेऊन डोळ्यांना लावत होती. "देव पावला बघा. अंकिताच्या लग्नाआधी घरात आली. भावजी, तुमी आता जेवूनच जायचं." तिनं करडगीला हळद-कुंकू लावलं. "पैली वस्तू हीच ठेवते. चला, सरका की कुंडलिक भाऊ." कुंडलिक बाहेर आला, दार पूर्ण उघडून बाजूला झाला. चारी नट आवळलेले होते. तिनं वाकून करडगी आत नेली.

"थांब," बसू म्हणाला.

तो आवाज त्याचा त्यालाच ओळखू आला नाही. वैजयंतीचा हात तिजोरीत तसाच राहिला. "अण्णाकडं नव्हती ती," तो म्हणाला. "माझ्याकडं होती. मातीच्या दिवसापासून माझ्याच खिशात होती. अण्णाला ते ठाऊक होतं."

"बसू," ईरप्पा म्हणाला.

वैजयंती हळूहळू सरळ झाली. तिनं नवऱ्याकडं बघितलं, मग दिराकडं, पुन्हा नवऱ्याकडं. ती चिडेल, रडेल, नातेवाईकांची नावं काढील, असं काहीतरी होईल म्हणून बसू वाट बघत होता. ते त्याला सोसलं असतं. कुंडलिकनं पाना पिशवीत टाकला आणि उगाचच पिशवीतलं सामान खालीवर करत राहिला.

"मग गोजरबाई?" ती म्हणाली.

तिनं पुन्हा विचारलं, ह्या वेळी दोघांनाही. "जिती तरी हाय का ती?"

बसूनं ईरप्पाकडं बघितलं. ईरप्पा बसूकडंच बघत होता. दोघांनाही माहीत नव्हतं.